राजापूरचा गाळ हा फक्त पुराचा प्रश्न नाही

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

पावसाळा आला की राजापूरची बातमी ठरलेली, जवाहर चौकात पाणी शिरलं, व्यापाऱ्यांनी माल हलवला, आणि दोन दिवसांनी पाणी ओसरलं की विषय संपला. पण अर्जुना आणि कोदवली या नद्यांचं पात्र असं उथळ झालं कशामुळं आणि त्यात या गावाचं काय काय गेलं, यावर कुणी फारसं बोलत नाही म्हणून हे पत्र.

आज बाहेरच्या माणसाला सांगून पटत नाही की हे बंदर होतं. समुद्र जैतापूरच्या तोंडाशी, तिथून खाडीनं आत आलं की भरतीचं पाणी जिथवर पोचतं तिथं हे गाव वसलं, आणि गावाची सगळी कमाई या जागेवरच होती. वरून अणुस्कुरा घाट उतरून बैलांचे तांडे यायचे, देशावरचा माल इथं उतरायचा, मिरी, कापड असा माल गलबतात चढायचा आणि भरती-ओहोटीचा हिशोब धरून गलबतं खाडीतनं ये-जा करायची. म्हणजे घाट आणि खाडी जिथं भेटतात ते हे ठिकाण, दलाल, हमाल, तांडेल, सावकार सगळ्यांचं पोट त्यावर. आदिलशाहीतलं हे मोठं बंदर, म्हणून तर इंग्रजांनी सतराव्या शतकाच्या मध्यात इथं वखार घातली. पुढं १६६० मध्ये पन्हाळ्याला सिद्दी जौहरचा वेढा होता तेव्हा याच वखारीतले इंग्रज तोफा घेऊन त्याच्या मदतीला गेले, आणि १६६१ मध्ये शिवाजी महाराजांनी राजापुरावर येऊन वखार लुटली, इंग्रजांना कैद केलं. त्या नुकसानभरपाईचं घोंगडं इतकं भिजत पडलं की १६७४ ला राज्याभिषेकाच्या वेळी इंग्रजांचा वकील हेन्री ऑक्झिंडेन रायगडावर आला तेव्हाही बोलणी त्यावरच चालू होती. एवढ्याशा गावासाठी एवढं सगळं, कारण इथं पैसा होता.

मग बंदर गेलं कसं? लढाईनं नाही गेलं, गाळानं गेलं. घाटातली माती दर पावसात खाली येते आणि खाडीच्या डोक्याशी प्रवाह मंदावला की तिथंच बसते. इंग्रजांच्या काळातल्या गॅझेटियरमध्येच लिहून ठेवलंय की अरबांची गलबतं अजून थेट राजापूरशी व्यापार करतात, पण मोठं जहाज जुन्या दगडी धक्क्याच्या ३ मैल अलीकडेच थांबतं. म्हणजे शंभराहून जास्त वर्षांपूर्वीच हे दिसत होतं. नंतर रस्ते झाले, १९९८ मध्ये कोकण रेल्वे पूर्ण सुरू झाली पण स्टेशन गावापासून लांब, हायवेही बाजारपेठेतनं जात नाही, आणि नदीवर वाढलेली पेठ नदीच्या काठाला तशीच राहिली. फायदा गेला आणि पूर तेवढा वाट्याला आला.

दुकानदारांचं ऐकाल तर वाईट वाटतं. खालचे दोन खण पावसाळाभर रिकामे ठेवायचे, कापडाचे गठ्ठे माळ्यावर, सिमेंटची पोती तर आणायचीच नाहीत, म्हणजे ऐन सणाच्या तोंडावर माल कमी आणि भाडं मात्र पूर्ण. तरुण पोरगा हे बघून मुंबईला निघून जातो आणि त्याला थांब म्हणायला तोंड राहत नाही.

गाळ काढायला सुरुवात झाली की आम्हाला आनंदच होतो, ज्यांनी आतापर्यंत काढला त्यांचे उपकारच आहेत. पण काढलेला गाळ काठावरच ढीग करून ठेवला तर पहिल्या मोठ्या पावसात तो परत पात्रात जाणार हे सांगायला इंजिनिअर लागत नाही. तो लांब नेऊन शेतात, सखल जागी टाकायला हवा. दर पावसाळ्यानंतर पात्राची खोली मोजा, आकडे नगरपरिषदेच्या फलकावर लावा, आणि गाळाला दरवर्षी ठरलेला निधी द्या, एकदा द्यायचा आणि मग पाच वर्षं विसरायचं असं नको. वर घाटात झाडं तुटतायत तिकडं वनखात्यानंही लक्ष घालावं, नाहीतर खाली कितीही उपसा, वरून येणारच.

आणि जमलं तर जुना धक्का आणि वखारीची जागा यांची मोजणी करून नीट नोंद ठेवावी, बांधकामं वाढायच्या आत.

आपला,
एक राजापूरकर