काल्पनिक काळपंथाला विरोधक हवेत

संपादक महोदय,

पुरवणीतला काल्पनिक काळपंथाचा लेख चवीने वाचला. भूतकाळ सरत नाही, साठत जातो आणि ‘आत्ता’ म्हणजे त्या साठ्याचा सर्वांत वरचा थर, ही त्या पंथाची कल्पना झकास. (अगदी नवी मात्र नाही, ब्रिटिश तत्त्वज्ञ सी. डी. ब्रॉड यांनी 1923 मध्ये असंच काहीसं मांडलं होतं.) पण लेखकाने पंथाला एकही विरोधक दिला नाही! दर्शनशास्त्र शिकवून निवृत्त झालेल्या मला तिथे सगळं अळणी वाटलं.

बौद्धांमधल्या सर्वास्तिवादी पंथाचे लोक म्हणत, भूत आणि भविष्यही अस्तित्वात आहेत. नाहीतर सरलेल्या कर्माचं फळ आज कुठून मिळेल? सौत्रांतिक या दुसऱ्या बौद्ध पंथाने विचारलं, सगळंच आहे तर वर्तमान वेगळं कशाने? उत्तर आलं, वस्तू आपलं कार्य करते तेव्हा ती वर्तमान. त्यावर बौद्ध आचार्य वसुबंधूंचा टोला असा, की वस्तू सदैव आहे, तर तिला कार्य करायला इतका वेळ अडवलं कुणी? वर्गात हा प्रश्न टाकला की मागच्या बाकावरची मुलंही मान वर करायची.

तसाच प्रश्न या पंथाला. खालच्या थरातला माणूसही तिथे ‘आत्ता’ असंच म्हणतो आहे ना? मग आपण वरच्याच थरात आहोत, हे पंथीयांनी कशावरून ठरवलं? पुढच्या भागात लेखकाने यावर एखादा खमका प्रतिपक्षी उभा करावा.

– एक निवृत्त प्राध्यापक