गोलमेज उचलून धरणारी माणसं

कॅरी, नॉर्थ कॅरोलिना
रविवार

प्रिय सुमे,

काकू गेल्या तेव्हा मला येता आलं नाही. फोनवर तुझ्याशी काय बोलावं ते सुचलं नाही, अजूनही सुचत नाही. म्हणून एका पुस्तकाबद्दल लिहिते.

पुस्तकाचं नाव 'लेजंडबॉर्न'. लेखिका ट्रेसी डिऑन, इथलीच, नॉर्थ कॅरोलिनात वाढलेली. २०२० साली आलेली ही किशोरांसाठीची अद्भुत कादंबरी लेकीने वाचनालयातून आणली आणि मीच धरून बसले.

सोळा वर्षांच्या ब्रीची आई अपघातात जाते. त्यानंतर ब्री चॅपल हिलच्या विद्यापीठात शिकायला येते. तिथे ब्रिटनच्या दंतकथांतल्या राजा आर्थरच्या गोलमेजावरच्या सरदारांच्या वंशजांची एक गुप्त संघटना आहे. त्या मुलांना आपला वंश थेट त्या काळापर्यंत सांगता येतो. ब्री कृष्णवर्णीय. तिच्या घराण्याचा माग गुलामगिरीपाशी पोचला की तुटतो. आणि आई गेली त्या रात्रीच्या तिच्या आठवणींवर कुणीतरी जादूने पडदा टाकलेला असतो! ती तो फाडते. तिथे मी पुस्तक मिटून बराच वेळ तशीच बसले.

संघटनेतल्या पदव्या नि पायऱ्या मधे फार होतात, लक्षात राहत नाहीत. पण ब्रीला पुढे तिच्यासारख्याच बायकांकडून कळलेली जादू मला फार भावली. ती पूर्वजांकडे मागायची, त्यांनी दिली तर उसनी घ्यायची. हिसकावून नाही. लेखिकेचीही आई गेलेली आहे, ते पानोपानी जाणवतं.

परवा चॅपल हिलला जाऊन आले. तिथल्या जुन्या दफनभूमीत कृष्णवर्णीयांचा भाग दगडी गडग्याने वेगळा केलेला आहे. कितीतरी थडग्यांवर नावच नाही, नुसता ओबडधोबड दगड. ब्रीही तिथे जाते. विद्यापीठाच्या आवारात २००५ सालचं एक स्मारक आहे: काळ्या ग्रॅनाइटचं गोल मेज, आणि ते हातांवर तोलून धरणाऱ्या ३०० छोट्या ब्राँझच्या आकृत्या. विद्यापीठ उभारायला राबलेल्या गुलाम आणि मुक्त कृष्णवर्णीयांची ही आठवण. आर्थरचं गोलमेज वाचून आलेली मी, त्या मेजाखाली वाकून एकेक चेहरा बघत राहिले.

मग आमचा कुलवृत्तांत आठवला. त्यात आजी आहे, पण फक्त सासरच्या नावाने.

पुढचे दोन भागही आलेत, २०२२ आणि २०२५ मध्ये. पहिला वहिनींबरोबर पाठवते, त्या महिनाअखेर पुण्याला येतायत. सुरुवातच इस्पितळातली आहे, नको वाटलं तर तेवढं सोडून पुढे जा.

आणि काकूंचं माहेरचं नाव मला लिहून कळव. इतकी वर्षं त्यांच्या हातचं जेवले, कधी विचारलंच नाही.

तुझीच,
नीला