विटेमागचे पैसे

ठाणे, रविवार रात्र

चि. निखिल,
अनेक आशीर्वाद.

तू पाठवलास तो चिनी मूकपट काल पाहिला. ‘शन्न्यू’, म्हणजे देवी. १९३४ सालचा, शांघायचा. त्या शब्दाचा दुसरा अर्थ तू फोनवर सांगितला नाहीस, लबाडा! रात्री रस्त्यावर उभं राहून पोट भरणारीलाही तिथे तेव्हा देवीच म्हणायचे.

रुआन लिंगयू काय काम करते रे! पोरगा शाळेत शिकलेली कवायत घरी येऊन आईला शिकवतो आणि ती त्याच्यासारखे हात हलवते, ते मी मागे नेऊन तीनदा पाहिलं. पुढच्याच वर्षी ती गेली, अवघ्या २४ वर्षांची. कळल्यावर फार वाईट वाटलं.

मुलाच्या फीसाठी ती भिंतीतल्या विटेमागे पैसे लपवते, आणि तो गुंड नेमके तेच काढून जुगारात घालवतो. शाळेत इतर पालकांची कुजबुज, मग तक्रारी. मुख्याध्यापक मात्र तिच्या बाजूने उभे राहतात: दोष हिचा नाही, समाजाचा आहे, मुलाला शिकू द्या. (भाषण जरा लांबतं. मूकपटात भाषण म्हणजे पाट्याच पाट्या.) कोणी ऐकत नाही, तेव्हा राजीनामा देतात. नव्वद वर्षांपूर्वी, बघ.

शेवट मला पटला नाही. गुंडाच्या डोक्यात बाटली घातली म्हणून बारा वर्षांची शिक्षा होते, आणि मुलाला सांभाळायला तयार झालेल्या त्या मुख्याध्यापकांना ती म्हणते, त्याला सांगा, तुझी आई मेली. का म्हणून? पोराच्या जन्माला डाग नको, हे कळतं मला. पण त्याने मोठं होऊन आईला ओळखूच नये?

म्हणून आता सांगते. तू तिसरी-चौथीत असताना मी ‘ऑफिसात’ जायचे ना, ते ऑफिस नव्हतं. चार घरी स्वयंपाक करायचे. शाळेच्या फॉर्मवर बाबांनी ‘नोकरी’ लिहिलं, मीही गप्प बसले. त्यातलं एक घर तुझ्याच वर्गातल्या मुलाचं होतं. त्याच्या वाढदिवसाच्या ओल्या नारळाच्या करंज्या मी सकाळीच करून ठेवल्या होत्या. संध्याकाळी तू तिथून आलास आणि म्हणालास, “आई, तुला का नाही जमत तशा?”

तुझी,
आई