हायग्रोफॅनस म्हणजे ‘जलशोषक’ नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीतील भूछत्रांवरच्या लेखात ‘हायग्रोफॅनस’ या शब्दाचा अर्थ ‘हवेतील ओलावा शोषून घेणारी’ असा दिला आहे आणि पुढे लेखभर ‘जलशोषक छत्री’ हाच शब्द वापरला आहे. तो अर्थ ‘हायग्रोस्कोपिक’चा. दोन्ही शब्दांच्या तोंडी ‘हायग्रो’ आहे आणि कोशात ते जवळजवळ बसतात, त्यामुळे ही गफलत नेहमीचीच आहे. पण यातला एक शब्द पदार्थ पाण्याशी काय करतो ते सांगतो आणि दुसरा पाण्यामुळे पदार्थ कसा दिसतो ते सांगतो. उघडे मीठ हवेतली ओल ओढून घेते, ते हायग्रोस्कोपिक. भूछत्राची टोपी ओली असताना गडद आणि पाणीदार दिसते, सुकू लागली की फिकट आणि मंद होते, ती हायग्रोफॅनस.

ग्रीकमध्ये ‘हायग्रोस’ म्हणजे ओला, आणि ‘फॅनस’च्या मुळाशी असलेल्या धातूचा अर्थ दिसणे, प्रकट होणे. गंमत अशी की ‘हायग्रोस्कोपिक’मधल्या ‘स्कोप’चा अर्थही पाहणेच आहे. हायग्रोस्कोप हे हवेतला दमटपणा दाखवणारे उपकरण होते, आणि त्यात वापरल्या जाणाऱ्या ओल ओढणाऱ्या पदार्थांना ते विशेषण चिकटून राहिले.

रंग का बदलतो हे कळले की शब्द पुन्हा चुकत नाही. टोपीचा गर एकसंध नसतो. बारीक कवकतंतू एकमेकांत गुंतलेले असतात आणि त्यांच्यामध्ये फटी असतात. पाऊस पडून गेला की या फटींत पाणी भरते, सुकताना ते जाऊन तिथे हवा शिरते. तंतूंच्या भिंतीचा अपवर्तनांक (माध्यम प्रकाश किती वळवते ते सांगणारा अंक) साधारण 1.5, पाण्याचा 1.33, हवेचा 1.00. प्रकाश एका माध्यमातून दुसऱ्यात जाताना सीमेवर थोडा परततो आणि थोडा वळतो, आणि दोन्ही अंकांतला फरक जितका मोठा तितके हे विखुरणे जास्त. फटीत पाणी असेपर्यंत प्रकाश आत खोल जातो, तिथल्या रंगद्रव्यात बराचसा शोषला जातो आणि टोपी गडद, किंचित आरपार दिसते. फटीत हवा आली की प्रकाश वरच्या वरच विखुरतो आणि तीच टोपी पांढुरकी दिसते. रंगद्रव्य कुठे गेलेले नसते. कागदावर तेल सांडले की तेवढाच भाग आरपार दिसू लागतो, त्यामागे हेच कारण आहे.

उदाहरणाला ‘कॅन्डोलिओमायसिस कॅन्डोलिआनस’ घ्या. पूर्वी ही जाती ‘साथिरेला’ या वंशात होती, 2020 मध्ये तिच्यासाठी नवा वंश केला गेला. साथिरेला हे नाव ‘ठिसूळ’ या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून आलेले आहे आणि ते सार्थ आहे, कारण बोटांत जरा जोराने धरली तरी टोपी मोडते. ओली असताना टोपी मधासारखी पिवळसर तपकिरी असते. ती पांढऱ्या कागदावर उघडी ठेवली की आधी एक फिकट डाग उमटतो. त्याची कड चांगली स्पष्ट असते, ओल्या भिंतीवर सुकत जाणाऱ्या पट्ट्याची असते तशी. डाग पसरत जातो, मधाचा रंग आक्रसत जातो, आणि शेवटी टोपी जवळजवळ पांढरी होते. अर्धवट सुकलेल्या अवस्थेत एकाच टोपीवर दोन रंग शेजारी शेजारी दिसतात. ही दुरंगी अवस्था हा हायग्रोफॅनस असण्याचा सर्वांत भरवशाचा पुरावा. टोपी उभी चिरली तर सुकलेल्या भागाचा गर कापसासारखा पांढरट दिसतो, आणि कल्ल्यांच्या, म्हणजे टोपीखालच्या पातळ पात्यांच्या, लगत वर पाणीदार गडद रेघ बऱ्याचदा मागे राहिलेली असते.

पाणी ज्या क्रमाने निघून जाते तोही नोंदण्याजोगा असतो. ‘पॅनिओलस सिंक्ट्युलस’ची टोपी मध्यापासून फिकट होते आणि कडेला गडद पट्टा उरतो. ‘सिंक्ट्युलस’ म्हणजे छोटासा कमरपट्टा, म्हणजे जातीचे नावच या सुकण्यावरून पडले आहे. ‘कुएनेरोमायसिस म्युटाबिलिस’मधल्या ‘म्युटाबिलिस’चा अर्थ बदलणारा. हे नाव शेफरने 1774 मध्ये दिले, तेव्हा वंशाचे नाव ‘अगॅरिकस’ होते.

आता हा शब्द कुठे लावू नये ते. टोपी बुळबुळीत आहे म्हणून ती हायग्रोफॅनस ठरत नाही. बुळबुळीतपणा वरच्या थरातल्या चिकट द्रवाचा असतो आणि गराच्या रंगाशी त्याचा संबंध नाही. ‘हायग्रोफोरस’ या वंशाच्या नावात ‘हायग्रो’ आहे ते ओल वाहणारा या अर्थाने, आणि त्यातल्या पुष्कळ टोप्या चिकट असतात. काही भूछत्रे पक्व झाल्यावर शाईसारखी विरघळतात. ते आत्मपचन आहे, म्हणजे भूछत्र स्वतःलाच पचवते, आणि तो बदल माघारी फिरत नाही. ‘ॲस्ट्रीअस हायग्रोमेट्रिकस’ हे पृथ्वीतारा कवक ओल लागली की पाकळ्या उघडते आणि कोरडे पडले की मिटते. ती हालचाल आहे, तिथे रंगाचा प्रश्नच नाही.

सर्वाधिक गोंधळ कडेच्या रेषांचा होतो. ओल्या टोपीच्या कडेला खालचे कल्ले पारभासी गरातून रेषांसारखे दिसतात. टोपी सुकली की त्या नाहीशा होतात. हे हायग्रोफॅनस टोपीत वारंवार दिसते, पण दोन गोष्टी एक नव्हेत, म्हणून नोंदीत त्या वेगळ्या लिहाव्यात. रेषा सुकल्यावरही राहिल्या आणि नखाला खाचा लागल्या, तर त्या पृष्ठभागावरच्या खाचा आहेत, पारभासी रेषा नव्हेत.

वर्णनात हा शब्द बहुतेक वेळा टोपीला लागतो, क्वचित देठाच्या गराला. ‘हायग्रोफॅनस कवके’ असा कुठला कुटुंबासारखा गट नाही. हा गुण एकमेकांशी नाते नसलेल्या अनेक कुळांत आढळतो. तरी ओळख पटवताना तो मोलाचा आहे. स्वीडनचे कवकशास्त्रज्ञ एलिआस फ्रीस (1794–1878) यांनी ‘कोर्टिनॅरियस’ या अवाढव्य वंशाचे गट पाडताना टोपी चिकट की हायग्रोफॅनस हे पाहिले होते. 2022 मध्ये त्याच वंशाचे दहा वंश करण्यात आले, आणि त्यासाठी डीएनएचा आधार घेतला गेला. पण हातात ताजे भूछत्र असलेल्या माणसाला आजही पहिला प्रश्न तोच पडतो.

तपासणी अवघड नाही, फक्त ती ताज्या नमुन्यावर आणि लगेच करावी लागते. एकाच झुबक्यातली वेगवेगळ्या वयाची तीन-चार भूछत्रे घ्यावीत आणि मेणकागदात गुंडाळून न्यावीत. प्लास्टिकच्या पिशवीत वाफ धरते आणि टोप्या बाहेरून पाणी पिऊन खोट्या गडद होतात. ओला रंग काढल्या जागीच लिहून ठेवावा. मग एक टोपी ओला टिशू घातलेल्या बंद डबीत आणि दुसरी उघड्यावर, सावलीत, पांढऱ्या कागदावर ठेवावी. दर 10-15 मिनिटांनी दोघींचे एकत्र छायाचित्र घ्यावे, फ्लॅश न वापरता आणि रंग जुळवून पाहता यावा म्हणून चौकटीत राखाडी पट्टी ठेवून. डबीतली टोपी जशीच्या तशी राहिली आणि बाहेरची फिकट झाली, तर वयाचा किंवा काढताना झालेल्या इजेचा संशय मिटतो. फिकट भागावर पाण्याचा थेंब ठेवून काही मिनिटे थांबावे. जागा पुन्हा गडद झाली तर प्रश्न उरत नाही. काही टोप्यांवर पाणी मोत्यासारखे घरंगळते. अशा वेळी टोपीचा उभा काप काढून थेंब गरावर ठेवावा.

चुका होतात त्या साधारण ठरलेल्या. उन्हाने विटलेली टोपी पाण्याने पूर्वरंगावर येत नाही. झुबक्यात वरच्या टोपीतून गळलेले बीजाणू खालच्या टोपीवर तपकिरी थर धरतात आणि तोच तिचा रंग म्हणून नोंदला जातो. हा थर ओल्या ब्रशने निघतो. मुसळधार पावसात भिजून थबथबलेली कुठलीही टोपी थोडी गडद दिसते. तिथे स्पष्ट कडेचा फिकट डाग पसरतो का, हेच पाहायचे. कडकडीत वाळून आक्रसलेल्या टोपीवर थेंबाची चाचणी करण्यात अर्थ नाही, तंतूच चेपलेले असतात. संग्रहासाठी 40 ते 45 अंशांवर वाळवलेल्या नमुन्यातही हा गुण शोधून सापडत नाही. सोबतच्या चिठ्ठीवर तो लिहिलेला नसेल तर गेला.

चिठ्ठीवर नुसते ‘हायग्रोफॅनस’ लिहिणे अपुरे. ‘ओली असता गडद तपकिरी, मध्यापासून फिकट होत मातकट पिवळी, कडेला पट्टा, ओल्या अवस्थेत कडेपासून निम्म्यापर्यंत रेषा’ असे लिहावे. ओळखतक्त्यात, म्हणजे एकेका प्रश्नाने जातीपर्यंत नेणाऱ्या तक्त्यात, ‘टोपी हायग्रोफॅनस आहे की नाही’ असा फाटा आला आणि भूछत्र कोरडेच सापडलेले असेल, तर ‘नाही’ धरू नये. दोन्ही वाटांनी जाऊन पाहावे. फिकट कोरड्या टोपीला ‘नाही’ ठरवल्यामुळे ओळख पहिल्याच पायरीवर घसरते, आणि पुढचे सगळे निरीक्षण अचूक असूनही उपयोगी पडत नाही.

लेखात ‘जलशोषक टोपीवरून खाण्याजोगी जाती ओळखता येते’ असेही वाक्य आहे, ते मात्र धोक्याचे आहे. लाकडावर वाढणारे ‘कुएनेरोमायसिस म्युटाबिलिस’ खाल्ले जाते. त्याच लाकडावर ‘गॅलरिना मार्जिनाटा’ येते, तिच्यात अमॅटॉक्सिन हे यकृत निकामी करणारे विष असते आणि त्रास सुरू होतो तो साधारण 6 ते 24 तासांनी, म्हणजे विष भिनल्यावर. दोघींच्याही टोप्या हायग्रोफॅनस आहेत. पहिली मध्यापासून सुकते आणि दुसरी कडेपासून असे सांगितले जाते, पण वारा, ऊन आणि वय यांनी हा क्रम बिघडतो. फरक पाहायचा तो देठावर. पहिलीत देठावरच्या वलयाखाली (कड्यासारख्या पडद्याखाली) उभारलेले खवले असतात, दुसरीत नुसते रुपेरी तंतू. सूक्ष्मदर्शकाखाली पहिलीचे बीजाणू गुळगुळीत आणि टोकाला अंकुरछिद्र (अंकुर बाहेर पडायचे बारीक छिद्र) असलेले दिसतात, दुसरीचे खडबडीत आणि छिद्राविना. पावसाने खवले झडून गेलेलेही असतात. म्हणून यातले कुठलेही एक लक्षण ताटात काय वाढायचे हे ठरवायला पुरेसे नाही.

मराठी शब्दच हवा असेल तर ‘ओलपालटी टोपी’ सुचवतो. ओलीप्रमाणे रूप पालटणारी, एवढा अर्थ त्यात नीट बसतो. ‘आर्द्रदर्शी’ हे ग्रीकचे शब्दशः रूप होईल, पण ते ओल मोजणाऱ्या यंत्राचे नाव वाटते. ‘जलशोषक’ मात्र मागे घ्यावा. आणि लेखाखाली दोन भिन्न जाती म्हणून छापलेली तपकिरी आणि पांढरट टोप्यांची छायाचित्रे लेखकाकडून पुन्हा तपासून घ्यावीत. पांढरट टोपीच्या डाव्या कडेला गडद पट्टा अजून शिल्लक दिसतो.

आपला,
एक वाचक