पक्या, एक सीन राहिलाय

ठाणे,
रविवार रात्र

प्रिय पक्या,

शूटिंग आटोपत आलं एकदाचं. तीन रविवार, बाबांचा बंद पडलेला गाळा आणि माइक बांधायला वहिनीच्या पडद्याची दांडी. दांडी वाकली, वहिनी बोलत नाहीये. 'या वयात हे खूळ कशाला?' असं विचारलंस, त्याचं उत्तर जरा आडवळणानं देतो.

काल पुन्हा 'जाने भी दो यारों' लावला. होस्टेलवर महाभारताच्या प्रसंगाला आपण पोट धरून लोळायचो, तोच. १९८३चा सिनेमा, कुंदन शाहचा पहिलाच, एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळानं दिलेल्या सात लाखांच्या आत उरकलेला. गोष्ट दोन फोटोग्राफरांची, आणि हातातला कॅमेरा नसीरुद्दीन शाहचा घरचा. तोही शूटिंगमध्ये चोरीला गेला! विधू विनोद चोप्रा निर्मितीची धावपळ बघता बघता दुःशासन म्हणून उभा राहिला. (आमचा दुःशासन पार्किंगमध्ये ऑर्डरप्रमाणे वडापाव मोजत होता.)

मला सर्वांत आवडतो तो शवपेटीचा प्रसंग. रस्त्यात पेटी, पेटीत सतीश शाहचं प्रेत. दारू चढलेल्या ओम पुरीला वाटतं, बिचाऱ्याची गाडी बंद पडलीय. केवढ्या मायेनं बोलतो त्याच्याशी, टोचन लावून द्यायला निघतो! इथं पैसा कुठेच लागत नाही बघ. एक पेटी, एक रस्ता, आणि प्रेताला माणूस समजणारा दारुडा.

आणि भक्ती बर्वे! आईला ती 'फुलराणी'तली मंजुळाच आठवते, म्हणून संपादकीण होऊन फोटोंच्या जोरावर बिल्डरकडून पैसे उकळायला बघते तेव्हा आई आजही चिडते.

पण पक्या, शेवटी ते दोघं फोटोग्राफर कैद्यांच्या कपड्यांत मुंबईत चालत येतात ना, तिथं आपण तेव्हा चहाला उठायचो. काल उठवेना. आमच्या बिल्डिंगचं रिडेव्हलपमेंट सहा वर्षं लटकलंय. दर मीटिंगला बिल्डरचा माणूस फाफडा घेऊन येतो, सगळे खातात, मीही खातो, आणि विषय पुढच्या मीटिंगवर जातो. सिनेमा त्या फाफड्याचाच केलाय. बावीस मिनिटांचा.

सेक्रेटरी मीटिंगभर घोरतो, एवढाच सीन राहिलाय. तुला तालमीची गरज नाही. पुढच्या रविवारी सकाळच्या गाडीनं ये. आणि येताना पडद्याची दांडी आण, सहा फुटी.

तुझा,
नंद्या