मिशिगनचे नऊ पराभव : मित्रास पत्र

प्रिय मित्रा,

तुझं पत्र मिळालं. "इतका नावाजलेला प्रशिक्षक आणला आणि संघच बुडाला, हे कसं?" हा तुझा प्रश्न एका ओळीचा आहे, उत्तर मात्र लांबणार. मिशिगन विद्यापीठाचा अमेरिकन फुटबॉल संघ, २००८, प्रशिक्षक रिच रॉड्रिगेझचं पहिलं वर्ष: ३ विजय, ९ पराभव. १९६७ नंतर पहिल्यांदाच पराभवांची बाजू जड झाली. मोसमाअखेरचा बोल सामना खेळायला बारापैकी सहा तरी जिंकावे लागतात, त्यामुळे सलग ३३ वर्षांची बोलची परंपराही तुटली.

लोक म्हणतात, खेळाडूंनी नव्या माणसाला साथ दिली नाही. मला हे पटत नाही. मला त्यात आधी साधा हिशेब दिसतो.

नेहमीच्या धावेत क्वार्टरबॅक, म्हणजे आक्रमण चालवणारा गडी, चेंडू रनिंग बॅकच्या, म्हणजे पळणाऱ्या गड्याच्या, हातात देतो आणि त्या डावापुरता प्रेक्षक होतो. साहजिकच बचावाकडे एक माणूस जास्त उरतो. रॉड्रिगेझच्या 'झोन रीड'चा सगळा खटाटोप हा जास्तीचा माणूस पुसून टाकण्यासाठी आहे. क्वार्टरबॅक शॉटगनमध्ये, म्हणजे चेंडू मागे देणाऱ्या सेंटरच्या चार-पाच यार्ड मागे उभा राहतो, रनिंग बॅक त्याच्या शेजारी. चेंडू आला की पुढची फळी सगळी एकाच दिशेला सरकते आणि मागच्या बाजूच्या डिफेन्सिव्ह एंडला, म्हणजे बचावफळीच्या टोकाच्या गड्याला, मुद्दाम कुणीही अडवत नाही. क्वार्टरबॅक चेंडू रनिंग बॅकच्या पोटाशी धरतो आणि नजर त्या एंडवर ठेवतो. एंड आत धावला तर चेंडू काढून घेऊन त्यानेच सोडलेल्या जागेतून स्वतः पळायचं. तो जागीच थांबला तर चेंडू देऊन टाकायचा. एकाही माणसाने न अडवता एक बचावपटू निकामी झाला. ही युक्ती रॉड्रिगेझला १९९०च्या दशकात ग्लेनव्हिल स्टेट या छोट्या कॉलेजच्या सरावात सापडली. देवघेव फसली, एंड आत धावलेला दिसला, म्हणून क्वार्टरबॅक चेंडू घेऊन बाहेर पळाला, एवढंच.

पण सगळं एका अटीवर अवलंबून आहे: क्वार्टरबॅक पळेल ही भीती एंडला वाटली पाहिजे. २००८ मध्ये ती वाटतच नव्हती. आधीचे प्रशिक्षक लॉइड कार यांच्या पद्धतीत क्वार्टरबॅक जागेवर उभा राहून लांब फेकणारा असे. क्वार्टरबॅक चॅड हेनी, रनिंग बॅक माइक हार्ट आणि पुढच्या फळीतला जेक लाँग, जो २००८च्या एनएफएल ड्राफ्टमध्ये (व्यावसायिक लीगच्या खेळाडू-निवडीत) पहिलाच निवडला गेला, हे तिघेही एकदमच गेले. दुसरा क्वार्टरबॅक रायन मॅलेटच्या हाताला तोफेची ताकद, पण तो पळणारा नव्हता. तो आर्कान्सास विद्यापीठात गेला. उरले उंच, सावकाश स्टीव्हन थ्रेट आणि स्कॉलरशिपशिवाय संघात आलेला निक शेरिडन. एंड क्वार्टरबॅककडे ढुंकूनही न बघता थेट रनिंग बॅकला पकडे. ज्याला मोकळा सोडायचा तोच येऊन धाव मोडतो म्हटल्यावर वजाबाकीची बेरीज झाली.

मग जुनीच पद्धत का नाही ठेवली? तू हे विचारणारच. ठेवली असती तरी जुनी पद्धत चालवणारे निघून गेले होते आणि पुढची फळी जवळपास नवी होती. शिवाय दोन पद्धती अर्ध्या-अर्ध्या शिकवल्या तर एकही धड येत नाही. वसंतात सरावाची सत्रं मिळतात फक्त १५, आणि मोसमात आठवड्याचे २० तास. पोरांना पावलांची सवय लागायलाच त्यातला निम्मा वेळ जातो. रॉड्रिगेझकडे आपला दाखलाही होता: वेस्ट व्हर्जिनियात पहिल्या वर्षी, २००१ मध्ये, ३-८ आणि पुढच्याच वर्षी ९-४.

खरी कोंडी कॅलेंडरची. त्याची नेमणूक डिसेंबर २००७ मधली, आणि शाळकरी खेळाडूंनी सही करायचा दिवस ६ फेब्रुवारी. तोवर बहुतेक पोरांचं ठरलेलं असतं. संघाला तेव्हा एकूण ८५ स्कॉलरशिप, वर्षाला नवे फार तर २५, आणि दुसऱ्या कॉलेजातून कुणी आलाच तर त्याला एक वर्ष बाहेर बसणं सक्तीचं. या पद्धतीत चपखल बसेल असा एक पोरगा होता, टेरेल प्रायर. त्याने मार्चपर्यंत वाट बघायला लावली आणि गेला तो नेमका कट्टर प्रतिस्पर्धी ओहायो स्टेटला! आता तसं राहिलेलं नाही. खेळाडू बदली घेऊन लगेच खेळू शकतात, म्हणून इंडियाना २०२३च्या ३-९ वरून नव्या प्रशिक्षकाच्या पहिल्याच वर्षी ११-२ वर गेला. आजच्या फूटपट्टीने २००८ मोजू नकोस.

मोसमातले दोन सामने नीट बघ. पहिला २७ सप्टेंबरचा, विस्कॉन्सिनविरुद्ध. मध्यंतराला ०-१९, शेवटी २७-२५ ने जिंकले. चौथ्या क्वार्टरमध्ये थ्रेटने चेंडू स्वतःकडे ठेवला आणि तब्बल ५८ यार्ड पळाला. तो वेगवान नव्हता, पण त्या बाजूला कुणी उरलंच नव्हतं. पद्धत चुकीची नव्हती याचा माझ्याकडचा पुरावा हा. दुसरा ११ ऑक्टोबरचा, टोलेडोविरुद्ध, १०-१३. मिड-अमेरिकन कॉन्फरन्स या दुय्यम गटाच्या संघाकडून मिशिगन त्याआधी कधीच हरला नव्हता. शेवटी बरोबरी साधायला २६ यार्डांची फील्ड गोल (खांबांमधून लाथेने चेंडू मारून तीन गुण) होती, तीही हुकली.

आता ज्याकडे लोक कमी बघतात ते. ही पद्धत दोन डावांमध्ये घोळका करून सल्लामसलत न करता भराभर खेळायची. तीन डावांत १० यार्ड झाले की उत्तम. नाही झाले तर दीड-दोन मिनिटांत पंट, म्हणजे लाथेने चेंडू दूर मारून समोरच्यांना देणं, आणि बचाव दम खात बसलेला असतानाच पुन्हा मैदानात. त्या वर्षी मिशिगनने २४३ गुण केले आणि ३४७ दिले. त्यात बचावाचं गणितही डळमळीत. बचावाचा प्रमुख स्कॉट शेफर स्टॅनफर्डहून आला होता. रॉड्रिगेझला हवी असलेली ३-३-५ रचना (पुढे तीन, मध्ये तीन, मागे पाच) ज्याला नीट येत होती तो जेफ कॅस्टील वेस्ट व्हर्जिनियातच राहिला. मग मोसमाच्या उत्तरार्धात, पर्ड्यूविरुद्ध, अचानक ३-३-५ लावली आणि ४२ गुण करूनही ४८ खाऊन हरले. चार पुढच्यांच्या रचनेत वाढलेल्या पोरांना एका आठवड्यात तीनची रचना शिकवायची म्हणजे कोण कुठली फट बुजवणार यावरच गोंधळ. शेफर वर्षाअखेर गेला, त्याच्या जागी ग्रेग रॉबिन्सन आला.

माझं मत इथेच ठरतं. २०१० मध्ये डेनार्ड रॉबिन्सन हा खराखुरा पळणारा गडी मुख्य क्वार्टरबॅक झाला. तो १,७०२ यार्ड धावला आणि संघाने सामन्याला सरासरी ३२.८ गुण केले. म्हणजे आक्रमणाचं बी रुजलं होतं. त्याच वर्षी बचावाने सरासरी ३५.२ दिले. रॉड्रिगेझला जानेवारी २०११ मध्ये काढलं ते २००८ मुळे, असं सगळे म्हणतात. मी म्हणेन, आक्रमण उभं करताना त्याने बचाव वाऱ्यावर सोडला, आणि हा दोष पहिल्या वर्षीच, त्या पर्ड्यूच्या सामन्यात, उघडा पडला होता.

चित्रफीत लावशील तेव्हा चेंडूकडे बघू नकोस. चेंडू सुटायच्या आधी क्वार्टरबॅकच्या कुठल्या हाताला रनिंग बॅक आहे ते बघ. तो बहुधा समोरून पलीकडे पळणार, म्हणून ज्या बाजूला तो उभा आहे त्या बाजूचा एंड मोकळा. नजर त्याच्यावरच ठेव. तो आत वळला आणि तरीही चेंडू दिला गेला, तर खूण कर. टोलेडोच्या सामन्यात अशा किती खुणा होतात ते मोजून कळव, माझ्याशी ताळा करून बघू.

तुझाच,
मित्र