"बाबूजी गिर जाएंगे" म्हणणाऱ्या कमांडो दादांना

कमांडो दादा,

नाव माहीत नाही म्हणून दादा लिहितेय, खरंतर वयाने तुम्ही तेव्हा माझ्याहून लहानच असाल. डोक्याला हेल्मेट, तोंडावर काळं फडकं, दिसले ते फक्त डोळे. मराठी येत नसेल तर कुणाकडून तरी वाचून घ्या. सतरा अठरा वर्षं हे पत्र लिहायचं राहून गेलंय आणि आता राहवत नाहीये.

गेल्या महिन्यात आमची आई गेली. तेरावं झालं, पाहुणे आपापल्या घरी गेले आणि भाऊ तिचा फोटो लावायला भिंतीत खिळा ठोकत होता. बाबांच्या फोटोशेजारीच लावायचा म्हणून मी हाताने जागा बघत होते, तर रंगाखाली ती बुजवलेली खोक बोटाला लागली. तिथेच बसले मग खाली. भावाला वाटलं आईची आठवण आली, ती तर आलीच, पण तुमची पण आली.

२७ नोव्हेंबर २००८, गुरुवार. कुलाब्यात नरिमन हाऊस, म्हणजे ज्यू लोकांचं केंद्र, त्याच्या समोरच्या अंगाला आमची बिल्डिंग, तिसरा मजला. आदल्या रात्री पहिला आवाज झाला तेव्हा आम्हाला वाटलं फटाके, मग वाटलं कुणाचा तरी सिलेंडर फुटला, मग गल्लीतून लोक ओरडत पळायला लागले तेव्हा कळलं, नरिमन हाऊसमध्ये अतिरेकी घुसलेत. ती रात्र मी आणि आई मोरीच्या भिंतीला पाठ लावून बसून काढली, दिवे बंद, आणि जिथे जिथे फोन लावला तिथून एकच उत्तर, घरातच थांबा, माणसं येतायत. कोण येतंय, कधी येतंय, काही नाही. सकाळ झाली तरी तेच. गल्लीत जे हवालदार होते त्यांची काय चूक म्हणा, त्यांच्या हातात जुन्या बंदुका, अंगावर नुसता खाकी शर्ट, आणि समोर एके-४७ आणि हातबॉम्ब. त्याच रात्री गिरगाव चौपाटीला तुकाराम ओंबळेंनी नुसत्या लाठीच्या जोरावर कसाबला धरून ठेवलं, गोळ्या पोटात घेतल्या पण सोडला नाही. त्यांना अशा हत्यारांनिशी ज्यांनी पाठवलं त्यांचा मला आजही राग येतो, उघड सांगते.

आणि तुम्ही लोक तयार बसलेले दिल्लीजवळ मानेसरला! दोनशेच्या आसपास कमांडो तयार, पण त्यांना आणायला मोठं विमान दिल्लीत नव्हतं, ते चंदिगडहून मागवायला लागलं, मग तुम्ही मुंबईत उतरलात ते उजाडायच्या सुमाराला, आणि तिथून पुढे शहरात यायला बेस्टच्या बस. एवढ्या मोठ्या शहरासाठी जवळ एक तुकडी ठेवायचं कुणाला सुचलं नव्हतं. १९८४ पासून एनएसजी, म्हणजे तुमचं कमांडो दल, आहे, मुंबईत हब झालं २००९ मध्ये, म्हणजे सगळं होऊन गेल्यावर. आपल्याकडे हे असंच असतं.

तर तुम्ही आलात दुपार टळल्यावर. दार वाजवलंत, हो, वाजवलंत, लाथ नाही मारली, आणि आम्ही उघडेपर्यंत थांबलात. आई चुलीशी... म्हणजे गॅसपाशी, तिला काही सुचत नव्हतं म्हणून ती सकाळपासून तेच दूध तापवत होती. तुम्ही म्हणालात, "माताजी, दो मिनट में निकलना है, कुछ मत लीजिए." आई औषधाची पिशवी घेऊन उठली. एकाने तिचा हात धरला. दुसरा खिडकीपाशी गेला, पलंग ओढायला लागला. आणि तुम्ही भिंतीकडे बघत उभे राहिलात.

खिडकीशेजारच्या भिंतीवर आमच्या बाबांचा फोटो. चंदनाचा हार घातलेला, जुनी लाकडी फ्रेम, बाबा जाऊन तेव्हा चार वर्षं झाली होती. तुम्ही विचारलंत, "ये बाबूजी हैं?" आई म्हणाली हो. मग तुम्ही बंदूक पाठीला टाकलीत, दोन्ही हातांनी फोटो उतरवलात, हार एका बाजूला लोंबत होता तो नीट परत वर घेतलात, आणि म्हणालात, "दीवार हिलेगी माताजी, बाबूजी गिर जाएंगे."

फोटो गिर जाएगा नाही म्हणालात. बाबूजी गिर जाएंगे.

आईने कॉटवरची गोधडी पुढे केली, तिच्या जुन्या नऊवारीची, तुम्ही त्यात फोटो गुंडाळला, म्हणजे कसं, बाळाला दुपट्यात घेतात तसा, आणि कपाटामागे जमिनीवर उभा ठेवला. सगळं मिळून अर्धा मिनिट लागलं असेल. त्या अर्ध्या मिनिटात पलीकडून गोळी येऊ शकत होती. तुम्ही त्या खिडकीपासून हातभर लांब होता. मी हे नंतर किती वेळा मोजलंय. आईने तुमच्यासमोर पाण्याचा पेला धरला, तुम्ही फडकं वर करून दोन घोट प्यायलात आणि पेला तिच्या हातात परत दिलात, ठेवून नाही दिलात कुठेतरी, हातात दिलात.

पुढचं सगळं लोकांनी टीव्हीवर बघितलंय, मी पण लालबागला मावशीकडे बसून टीव्हीवरच बघितलं. शुक्रवारी सकाळी हेलिकॉप्टरमधून नरिमन हाऊसच्या गच्चीवर दोरावरून उतरणारी तुमची माणसं. लोक टाळ्या वाजवत होते आणि माझ्या पोटात गोळा येत होता, कारण आम्हाला दिसतंय तर आतल्यांना पण सांगणारं कुणीतरी असेलच ना! आणि तसंच होतं, पाकिस्तानात बसलेले त्यांचे म्होरके टीव्ही बघून फोनवर सूचना देत होते. २०१२ ला कसाबच्या निकालात सुप्रीम कोर्टानेही चॅनेलवाल्यांना त्यावरून चांगलंच सुनावलं. नंतर मी लंडनच्या इराणी एम्बसीबद्दल वाचलं, १९८० चं. तिथे बंदूकधाऱ्यांनी सहा दिवस लोकांना डांबून ठेवलेलं, तर भिंतीत माईक बसवायला भोकं पाडताना आवाज जाऊ नये म्हणून ब्रिटिशांनी विमानतळावर उतरणारी विमानं जास्त खालून न्यायला लावली होती. शेवटी त्यांचे कमांडो आत शिरले आणि १७ मिनिटांत १९ माणसं जिवंत बाहेर काढली. तिथे तुमच्यासारख्या लोकांसाठी आख्खं शहर आवाज झाकायला मदत करत होतं, आणि इथे आम्ही तुमची पावलं घराघरात लाईव्ह दाखवली. ह्याबद्दल माफी मागायची तर कुणाकडून मागायची कळत नाही, म्हणून मीच मागते.

नरिमन हाऊसमधले ओलीस वाचले नाहीत. सहा जण गेले, तिथले रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, आणि त्यांची बायको दोघंही. त्यांचा दोन वर्षांचा मोशे तेवढा वाचला, सांभाळणाऱ्या सांड्रा बाईंनी त्याला उचलून बाहेर आणलं तुम्ही यायच्या आधीच. मला माहितेय की तुमच्यापैकी कित्येकांना ह्या गोष्टीचा त्रास होत असेल, आपण उशिरा पोचलो म्हणून. पण उशीर तुम्ही नाही केलात दादा. उशीर तुम्हाला बोलवणाऱ्यांनी केला. आणि आमच्या बिल्डिंगमधून, आजूबाजूच्या बिल्डिंगमधून जी माणसं तुम्ही हाताला धरून खाली उतरवलीत ती कुठल्या आकड्यात येत नाहीत, म्हणून मी सांगतेय, आम्ही आहोत. त्यात एक माझी आई, जी त्यानंतर एवढी वर्षं जगली, दोन नातवंडं खेळवली.

शुक्रवारी रात्री बातमी आली की नरिमन हाऊसला एक कमांडो शहीद झाला. हवालदार गजेंद्र सिंह. दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो आला. आई चष्मा लावून कितीतरी वेळ तो फोटो बघत बसली, मग हाताने नाकापासून खालचा चेहरा झाकला आणि नुसते डोळे बघितले. मला विचारते, "तोच का गं?" मला सांगता येईना. तिने देवाजवळ दिवा लावला, म्हणाली तो असला तरी आणि नसला तरी. २६ जानेवारीला राष्ट्रपती प्रतिभाताईंच्या हातून त्यांना मरणोत्तर अशोकचक्र दिलं तेव्हा ती टीव्हीसमोर उभी होती. बसली नाही.

म्हणजे हे पत्र कुणाला जातंय ते मला आजही माहीत नाही. तुम्ही असाल तर तुम्हाला. ते तुम्हीच असाल तर तुमच्या घरच्यांना.

रविवारी आम्ही घरी परत आलो. खिडकीची एक काच शिल्लक नव्हती, सगळीकडे चुरा, भिंतीचं प्लास्टर उडालेलं, आणि बाबांचा खिळा होता त्याच्यापासून वीतभर अंतरावर गोळीची खोक, तीन बोटं जातील एवढी. आईने काही बघितलं नाही, सरळ कपाटामागे गेली आणि गोधडी उघडली. काचेला ओरखडा पण नव्हता. हार तसाच. तिथे बसून ती रडली, तीन दिवसांत पहिल्यांदा.

नुकसानीचा अर्ज भरायला गेले तर एक साहेब मला म्हणाले की गोळी त्याच दिवशीची आहे ह्याला पुरावा काय. चार खेपा घातल्या आणि सोडून दिलं. त्या साहेबांना बाबांचा फोटो दाखवावा असं खूप वाटलं होतं, पण त्यांना तो फोटोच दिसला असता, बाबा नाही. तुम्हाला दिसले. ओळख नाही पाळख नाही, भाषा वेगळी, समोर मरण, आणि तुम्हाला भिंतीवरचा माणूस पडेल ह्याची काळजी. ज्याने तुम्हाला वाढवलं त्या आईला माझा नमस्कार सांगा. माणुसकी शिकवून येत नाही असं म्हणतात पण मला वाटतं कुणीतरी घरात शिकवलेलीच असते.

आईने ती गोधडी परत कधी अंगावर घेतली नाही. धुऊन, घडी करून कपाटात ठेवली होती. जाताना तिच्यावर तीच घातली, तिने सांगूनच ठेवलं होतं.

आता भिंतीवर दोघं शेजारी शेजारी आहेत, खोक बरोबर दोघांच्या मध्ये येते. कधी मुंबईला आलात तर घर तेच आहे, तिसरा मजला. त्या दिवशी तुम्ही दोनच घोट पाणी प्यायला होतात.

तुमची,
माताजींची मुलगी